वीस फूट कमी

अमेरिकन फुटबॉलचं मैदान एकशेसाठ फूट रुंद असतं. हे मला माहीत असायचं काहीएक कारण नव्हतं. मी तो खेळ पाहिलेला नाही, पुढेही पाहीनसं वाटत नाही, आणि ज्या गावात माझी नोकरी आहे तिथं कुणी तो खेळत नाही, खेळला नाही, खेळणारही नाही. तरी तो आकडा मला झोपेत विचारलात तरी सांगेन. कारण त्यापायी माझ्या पोरींचं मैदान गेलं.

अनुभव लिहायचे ते निवृत्त माणसांनी, असा दिवाळी अंकांचा रिवाज दिसतो. आरामखुर्ची, चष्मा, सगळ्यांना माफ करून टाकलेलं. मला अजून बरीच वर्षं नोकरी करायची आहे आणि मी कुणाला माफ केलेलं नाही. राग शिळा व्हायच्या आत लिहिते आहे.

मी नेरूळच्या एका शाळेत पीटीची बाई आहे. साताऱ्याकडची. कॉलेजात असताना सत्तरच्या दशकात मोर्चे काढले, सायक्लोस्टाइलची शाई नखांत घेऊन परीक्षा दिल्या. पत्रक लिहायला तिथं शिकले: पहिल्या ओळीत मागणी, दुसरीत कारण, तिसरीत कुणाची जबाबदारी. शोभेचं काही नको. नोकरी लागून इथं आले तेव्हा नेरूळ म्हणजे अर्ध्या बांधलेल्या इमारती, खाडीचा वारा आणि मध्ये जुनं गाव. गावाच्या भातशेतीची जमीन शहरासाठी घेतली गेली होती. खळ्याची मोकळी जागा तेवढी शिल्लक होती. तिला लागूनच शाळा उभी राहिली, आणि शाळेची पोरं नि गावची पोरं त्या एकाच जागेवर खेळायची.

पीटीच्या बाईचं काम काय, असं फ्लॅटमधल्या आया मला विचारतात. शिट्टी वाजवायची ना? एक बाई तर म्हणाल्या, ‘‘मॅडम, आमच्या प्राजक्ताला खेळातनं सूट द्या, ती हुशार आहे.’’ मी म्हटलं, ‘‘मग तिला अभ्यासातनं सूट द्या, पळते पण चांगली.’’ मुख्याध्यापकांपर्यंत तक्रार गेली.

काम मुख्यतः जमिनीचं असतं. दोरी, खुंटे, टेप आणि चुन्याची फक्की. कबड्डीचं अंगण आखायला जागा फार लागत नाही. साधारण तेरा मीटर लांब, दहा मीटर रुंद, आणि माती मऊ हवी. खो-खोला एकोणतीस बाय सोळा. हे आपले खेळ गरिबाच्या घरासारखे आहेत, कुठंही मांडता येतात. क्रिकेटला मधल्या बावीस यार्डांपुरतं माप ठरलेलं, बाकी सीमा जिथं बसेल तिथं. खळ्यावर तर खाडीकडच्या चिखलात चेंडू गेला की दोन धावा आणि चेंडू मारणाऱ्यानंच तो काढून आणायचा, असा कायदा होता. आपल्या ओळखीचा फुटबॉल तर भलताच ऐसपैस: नियमात पन्नास यार्डांपासून शंभर यार्डांपर्यंत रुंदी चालते, देशादेशांमधला सामना असेल तर किमान सत्तर.

हॉकीचं तसं नाही. शंभर यार्ड लांब, साठ यार्ड रुंद. साठ म्हणजे साठ. एकशेऐंशी फूट.

आणि मी हॉकीवाली. विद्यापीठाकडून खेळलेली. आल्या आल्या पोरींचा संघ उभा केला. बहुतेक फ्लॅटमधल्या, चौघी गावातल्या. काठ्या कमी पडायच्या, तर गावच्या पोरी बाभळीच्या वाकड्या फांद्या तासून आणायच्या. त्यांच्यातली मंजुळा डाव्या कडेला खेळायची. डावी कड म्हणजे मैदानाच्या अगदी काठानं, रेषेला चिकटून पळायचं, बचाव करणाऱ्या पोरी आपल्याकडे ओढून घ्यायच्या आणि मग चेंडू मध्ये टाकायचा. ती पळायला लागली की पलीकडच्या इमारतीचे गवंडी थापी खाली ठेवायचे.

मंजुळाचे वडील धर्मादादा पाटील. गावच्या कबड्डी मंडळाचे अध्यक्ष, स्वतः एकेकाळचे नामांकित चढाईपटू, गुडघा अजून सुजलेला. मुंबईला सामन्यांना पोरींना न्यायचं म्हणून परवानगी मागायला गेले, तर ओटीवर बसवून चहा दिला आणि म्हणाले, ‘‘बाई, इथं काय खेलायचा ता खेलूं दे. माजे डोल्यांसमोर. मुंबैला नाय.’’

‘‘दादा, सामने मुंबईतच होतात.’’

‘‘मंग सामने इथं आना.’’

ते थट्टेनं बोलले होते, पण मला ते पटलं. आपलं मैदान नियमाचं असेल, तर मुंबईच्या शाळा इथं खेळायला येतील, आंतरशालेय सामने इथं होतील. खळ्याची जागा आडवी दोनशे फुटांच्या वर होती. मी स्वतः मोजली होती. गावातल्या सगळ्या बापांची अट एकच होती, धर्मादादांचीच. म्हणजे मैदान मान्य झालं तर संघ राहणार, नाही झालं तर पोरी सातवी-आठवीनंतर घरी. इतकं सरळ गणित होतं.

त्याच सुमारास या भागाचा आराखडा पक्का करायचं काम एका खासगी सल्लागार कचेरीला दिलं गेलं. मैदान ‘मैदान’ म्हणून राखीव राहणार, असं त्यांनी गावाला सांगितलं. गावानं नारळ फोडला. मला नारळापेक्षा नकाशा बघायचा होता, म्हणून शनिवारची अर्धी शाळा झाल्यावर बेलापूरला त्यांच्या कचेरीत गेले.

तिथं जे पाहिलं त्यावर माझा आधी विश्वास बसेना. मोठ्या टेबलावर नकाशा पसरलेला. नकाशा काढणाऱ्याच्या हातात पुठ्ठ्याचा एक हिरवा तुकडा. पोस्टकार्डापेक्षा चिंचोळा, कडा हाताळून मऊ झालेल्या. जिथं मैदान दाखवायचं तिथं तो तुकडा नकाशावर ठेवायचा, सरकवायचा, फिरवायचा, बसला की भोवती पेन्सिल फिरवायची. पेन्सिलीच्या आत मैदान, बाहेर उरेल ते विक्रीचे प्लॉट. असं एकामागून एक. एकच पुठ्ठा, सगळी गावं.

‘‘हे माप कुठलं?’’ मी विचारलं.

तो म्हणाला, ‘‘साहेबांनी दिलेलं.’’

साहेब म्हणजे सबनीस. गोरेपान, मृदू बोलणारे, बरीच वर्षं अमेरिकेत शिकून-राहून आलेले. मला खुर्ची दिली, चहा मागवला. माणूस उद्धट असता तर बरं झालं असतं. भांडायला सोपं जातं.

‘‘मॅडम, इट्स द मोस्ट रॅशनल फील्ड,’’ ते म्हणाले. ‘‘अमेरिकन फुटबॉल. तीनशे साठ बाय एकशेसाठ फूट. हायस्कूल घ्या, युनिव्हर्सिटी घ्या, धंदेवाईक लीग घ्या, मैदान तेच. गोलखांबांची रुंदी बदलेल, आतल्या खुणा बदलतील, पण बाहेरची चौकट तीच. शाळेतला पोरगा आणि लीगमधला खेळाडू एकाच मापावर धावतात. केवढी मोठी लोकशाही आहे ही! नाहीतर तुमचं क्रिकेट. माप विचारलं तर प्रत्येक मैदानाचं उत्तर वेगळं.’’

आणि मग डोळे बारीक करून सांगू लागले: थंडीत पायांवर ब्लँकेट घेऊन सामने कसे बघायचे, दर पाच यार्डांवर आडवी रेघ कशी असते, चार प्रयत्नांत दहा यार्ड पुढं कसं सरकायचं असतं, दोन्ही टोकांना दहा-दहा यार्डांचा पट्टा कसा. त्यांचं त्या खेळावर प्रेम होतं. ते मला दिसत होतं, आणि म्हणून आणखी संताप येत होता.

मी म्हटलं, ‘‘सर, तो खेळ तुकड्या-तुकड्यांनी चालतो. काही सेकंद झुंज, मग सगळे थांबतात, पुन्हा मांडामांड. त्याला तेवढी रुंदी पुरते. हॉकीत चेंडू या कडेवरून त्या कडेला जातो, थांबत नाही. आम्हाला एकशेऐंशी लागतात. वीस फूट कमी आहेत.’’

‘‘फुटबॉल नियमात बसतो की. आपला फुटबॉल. किमान पन्नास यार्ड म्हणजे दीडशे फूट. इथं दहा फूट जास्तच आहेत.’’

बरोबर होतं. नियमाला धरून होतं. पण किमान म्हणजे काय? उपाशी मरणार नाही एवढं अन्न. त्याला जेवण म्हणत नाहीत. मी विचारलं, पळण्याच्या शर्यतींचं काय, चारशे मीटरच्या ट्रॅकला तीनशे फूट रुंदी लागते. ते म्हणाले, त्यासाठी एक मध्यवर्ती स्टेडियम होईल. कुठं? ठरायचं आहे. केव्हा? पुढच्या टप्प्यात. कॅनडातही असाच फुटबॉल खेळतात आणि तिथं मैदान पासष्ट यार्ड रुंद असतं, हे त्यांनीच वाचायला दिलेल्या पुस्तकात मला नंतर सापडलं. पासष्ट यार्डांत माझी हॉकी आरामात मावली असती. म्हणजे सबनीस साहेब थोडे आणखी उत्तरेला शिकायला गेले असते, तर आमचं काम झालं असतं. एका माणसाला कुठल्या विद्यापीठात जागा मिळाली यावर खाडीकाठच्या पोरींचं नशीब ठरतं, आणि याला म्हणायचं नियोजन!

शाळेत परत येऊन पोरींना दोरी लावून दाखवलं, कुठपर्यंत राहणार, कुठून जाणार. डाव्या बाजूची पट्टी जात होती. मंजुळा त्या पट्टीत उभी राहिली, दोरीकडे बघितलं, आणि म्हणाली, ‘‘बाई, म्हंजे माजीच जागा कापली का त्यांनी?’’

त्या संध्याकाळी पत्रक लिहिलं. ‘मैदान खेळणाऱ्यांच्या मापाचं हवं.’ दोन महिन्यांत चार पत्रकं निघाली. फ्लॅटवाल्यांनी वाचली, ‘‘छान लिहिता हो,’’ म्हणाले आणि प्लॉट कधी विकायला निघणार ते मलाच विचारलं. ठाणे-बेलापूर रस्त्यावरच्या एका कारखान्याचं आतलं मैदान मी पाहिलं होतं, अधिकाऱ्यांच्या क्रिकेटसाठी, हिरवंगार, आमच्या खळ्यासारखी तीन त्यात बसतील. तिथं रविवारी सराव करू द्या म्हणून गेले, तर फाटकावरच्या माणसानं पोरींच्या काठ्या बघून आधी युनियनचा मोर्चाच समजला. अधिकाऱ्यांनी आतून निरोप पाठवला, हिरवळ खराब होईल. त्या हिरवळीखाली कुणाची भातशेती होती, ते पोरींना पाठ होतं.

पत्रकांचा एवढा उपयोग झाला की कचेरी जागेवर येऊन पाहायला तयार झाली. निरोप आला: मैदान प्रत्यक्षात कसं आणि किती वापरलं जातं ते साहेब एका रविवारी बघतील, मग हद्दीचे दगड बसतील.

मी धर्मादादांकडे धावले. ‘‘दादा, त्या दिवशी हॉकी ठेवू. दुसरं काही नको. या कडेपासून त्या कडेपर्यंत पोरी पळताना त्यांना दिसल्या पाहिजेत.’’

दादांनी माझ्याकडे असं बघितलं, जसं काही मी लग्नात वरातीऐवजी कवायत ठेवा म्हणाले होते. ‘‘बाई, मोठा पाहुना आमचे गावान येनार, आन आमी त्याला पोरींच्या काठ्या दाखवू? कबड्डीन आमचे गावाचा नाव हाय. त्याला कलला पायजेल, हा मैदान कोनाचा हाय.’’

‘‘त्यांना मैदान कुणाचं ते नाही बघायचं, दादा. किती लागतं ते बघायचंय.’’

‘‘सगला गाव भरून दावतो. मंग बोलंल का कमी कर म्हणून?’’

मी हात जोडले. पोरींना मधल्या वेळात अर्धा तास द्या म्हटलं. ‘‘बघू,’’ म्हणाले. आगरी माणूस पाहुण्यासमोर आपलं सर्वांत चांगलं तेच मांडणार. घरात एकच पापलेट असेल तर ते पाहुण्याच्या ताटात. त्यांनी त्यांचं पापलेट मांडलं.

तो रविवार मी विसरणार नाही. पताका, बँड, लाउडस्पीकर. मैदानात लांबीच्या अंगानं एकापुढे एक तीन अंगणं आखलेली, खाडीची माती चाळून टाकलेली, पोळपाटासारखी सपाट. भोवती बायका-पोरं, म्हातारे, टोप्या, रुमाल. खेळ असा झाला की माझ्याही अंगावर काटा आला. एका पोरानं चार जणांना ओढत मधली रेष गाठली आणि अख्खं गाव एका घशानं ओरडलं. मी टाळ्या वाजवल्या. काय करणार, खेळच तसा झाला.

पण मी कडेला बघत होते. तीन अंगणं, भोवती माणसांचे थर, आणि तरी डावीकडची पट्टी मोकळी. तिथं बाहेरगावच्या संघांचे टेम्पो लावले होते. मधल्या वेळात बक्षिसं आणि भाषणं झाली. पोरी काठ्या घेऊन उभ्याच्या उभ्या राहिल्या.

सबनीस खूश झाले. फेटा बांधून घेतला, कॅमेऱ्यानं फोटो काढले. मला म्हणाले, ‘‘मॅडम, एक्सलंट युटिलायझेशन! तीन-तीन सामने एकाच वेळी, एवढं पब्लिक, आणि तरीही साइडला पार्किंग उरलं. तुमची काळजी अनाठायी होती.’’

मी काय बोलले ते इथं छापता येणार नाही. ते शांतपणे म्हणाले, ‘‘यू आर अपसेट.’’

महिन्याभरात दगड बसले. एकशेसाठ फुटांवर. पावसाळ्याआधी भिंत आली.

आंतरशालेय हॉकीवाले आले, टेप लावला. मी त्यांच्याशी वाद घातला नाही. मी तेच काम करते, मला टेप माहीत आहे. त्यांच्यातले एक वयस्क पंच म्हणाले, ‘‘बाई, पोरी बघून वाईट वाटतं. पण ही गल्ली आहे.’’ मान्यता नाही. धर्मादादा भिंतीपाशी उभे होते. ते लोक गेल्यावर हळूच आले.

‘‘बाई, आमी कबड्डी खेललाव ता चुकलाव का?’’

त्यांना बरं वाटेल असं काहीतरी म्हणता आलं असतं. मला ते जमत नाही. ‘‘हो दादा. चुकलात.’’

ते लंगडत गेले. मंजुळा दुसऱ्या दिवशी सरावाला आली नाही, नंतरही नाही. गावच्या आणखी दोघी अशाच गेल्या. चौथी भाजीच्या पाटीवर बसलेली दिसली, माझ्याकडे बघून तिनं मान खाली घातली. मान खाली घालायची ती कुणी, आणि घालत होतं कोण!

भिंतीपलीकडं आता चार मजली इमारत आहे. सोसायटीची बाग नाही, पण स्कूटर ठेवायला छप्पर आहे.

मग एके दिवशी दुपारी धर्मादादा शाळेत आले. स्टाफरूमच्या दारात चपला काढल्या. म्हणाले, ‘‘तलवलीला चला. आत्ता.’’ तळवली त्यांची सासुरवाडी. घणसोलीच्या बाजूला, रस्त्याला लागून. तिथलं गावचं मैदानही त्याच पुठ्ठ्याखाली आलं होतं, रविवारी तेच साहेब पाहणीला येणार होते. आणि तळवलीवाल्यांनी कबड्डीचा मंडप घालायला सुरुवात केली होती.

दादांनी तिथं पोचून मंडपाचा बांबू स्वतः उपटला. मेहुणे अंगावर आले. ‘‘दाजी, तुमी मोठे खेलाडू, तुमाला काय झाला?’’

‘‘खेलाडू होतो म्हणून बोलतो. रविवारी कबड्डी बंद! इथं कोन कबड्डी खेलला त त्याची तंगडी मी धरीन.’’ मग बसून, घाम पुसत, त्यांनी सगळं सांगितलं. टेम्पो कुठं लावले तेसुद्धा. गेल्या वर्षीच्या माझ्या चार पत्रकांत जे नव्हतं ते त्यात होतं.

रविवारी तळवलीत जे झालं त्याला खेळ म्हणायचं की दंगल, मला ठरवता आलेलं नाही. एका अंगाला क्रिकेटचे दोन सामने, एकमेकांत घुसलेले. दुसऱ्या अंगाला माझ्या पोरी, हॉकी, आडव्या रुंदीभर. मंजुळा डाव्या कडेला. तिला दादांनीच आणलं होतं. आणि अगदी पलीकडच्या बांधावर, जिथं पुठ्ठा संपत होता त्याच्याही पुढं, धर्मादादा स्वतः लुंगी खोचून क्षेत्ररक्षणाला उभे. गुडघा सुजलेला, तरी चेंडू आला की लंगडत जायचे आणि फेकताना मुद्दाम ओरडायचे, ‘‘चेंडू इथंपरेन येतो, साहेब! इथंपरेन!’’ एक चेंडू कचेरीच्या गाडीच्या काचेला लागला. तो चुकून लागला असं तळवलीवाले अजून सांगतात.

सबनीस वैतागले. ‘‘हे ऑर्गनाइज्ड स्पोर्ट नाही. फोटो काय काढू मी? काही आयोजनच नाही.’’

दादा लंगडत त्यांच्यासमोर आले. ‘‘आयोजन करून बघितला ना, साहेब. फेटा पण बांधला तुमाला. त्यान आमची वीस फूट गेली.’’

साहेबांनी कॅमेरा पिशवीत घातला. तळवलीचे दगड दोनशे फुटांवर बसले. कारण कुठंही लिहिलेलं नाही, पण पुठ्ठा त्या वेळी नकाशावर ठेवला गेला नाही, एवढं मला खात्रीनं कळलं.

माझा संघ आता तळवलीत खेळतो. गावच्या चारांपैकी दोन पोरी परत आल्या. दोन आल्या नाहीत. एकीचं लग्न झालं. ज्यांच्या दाराशी मैदान होतं त्या पोरी बस धरून दुसऱ्या गावात खेळायला जातात, आणि बस चुकली की खेळ चुकतो. लोक मला म्हणतात, शेवट गोड झाला की. कुणाचा? नेरूळची भिंत उभीच आहे. पुठ्ठा कुणी जाळला असं ऐकिवात नाही. खाडीच्या पलीकडं गावं पुष्कळ आहेत.

तळवलीला आमचा पहिला मान्यताप्राप्त सामना झाला तेव्हा धर्मादादा माझ्या शेजारी रेषेबाहेर उभे होते. मंजुळा काठानं सुटली, एक पोर चुकवली, दुसरी चुकवली, आणि चेंडू मध्ये टाकला. गोल झाला. सगळे ओरडले, दादा नाही ओरडले.

‘‘बाई,’’ ते म्हणाले, ‘‘एक पत्रक लिवा.’’

‘‘काय लिहू?’’

‘‘लिवा, धर्मा पाटलानं आपले हातानं पोरीचा मैदान घालवला.’’

‘‘ते नाही लिहिणार. घालवलं त्या पाहुण्यानं. तुम्ही फक्त पाहुणचार केलात.’’

ते मैदानाकडे वळले. मग म्हणाले, ‘‘मंग पाहुन्याचा लिवा. आन मऊ लिवू नका.’’

मऊ लिहिलेलं नाही.